जानमारियाचा नवस

जानमारिया झाम्बेत्ती पोटात असतानाच त्याच्या आईने देवमाता मारियाला बोलून ठेवलं होतं म्हणे: पोर जगलं तर तुझंच, त्याला बायको करू देणार नाही. रोंकादेल्लो गावात ही कुजबूज अडतीस वर्षं चालली. चालवणाऱ्यांतल्या एकीनेही तो नवस स्वतःच्या कानांनी ऐकला नव्हता, पण त्यावाचून कुणाचं काही अडलं नाही.

एरवी नावांच्या बाबतीत गाव सरळ होतं. पहिल्या नातवाला बापाच्या बापाचं नाव द्यायचं. त्यामुळे चौकात 'जोवान्नी' अशी हाक मारली की सात माना वळत. म्हणून जोडनावं निघाली. जोवान्नीचं जान करायचं आणि त्याला आईच्या बापाचं नाव चिकटवायचं, जानपिएत्रो, जानलुइजी. माणूस ओळखू येई आणि दोन्ही व्याही गप्प बसत. पण पुरुषाच्या नावाला मारिया? कुठला आजोबा मारिया असतो? तेव्हा नवसच असणार, असं ठरून गेलं.

जानमारिया लाकडी तळाचे जोडे बनवी. गावातल्या सगळ्या पायांची मापं त्याला पाठ. एर्सिलियाचा डावा पाय उजव्याहून बोटाच्या पेराइतका लांब आहे, हे तिच्या आईलाही ठाऊक नव्हतं. सूतगिरणीत काम करणारी ही एकतीस वर्षांची बाई दर महिन्याला धडधाकट जोडा दुरुस्तीला आणी, आणि जानमारियाही तो दुरुस्त करी. गावाला ते दिसत नव्हतं असं नाही.

अडवून बसली होती एर्सिलियाची आई, आन्येझे. "देवमातेची वस्तू घरात आणायची, आणि गारांनी मका झोडपला की मग रडत बसायचं?" एवढंच ती म्हणे.

नावाच्या संताचा दिवस आला की ज्याचं नाव त्याने दारू पाजायची, ही गावाची रीत. जानमारियाला ती वर्षात दोनदा भोवे, जूनमध्ये जोवान्नीसाठी आणि बारा सप्टेंबरला मारियासाठी. १९५२च्या सप्टेंबरात खानावळीत सगळे त्याच्या पैशांनी पीत बसले होते.

"मग, लग्नाचं काय रे?" गाडीवाल्या तुल्लिओने विचारलं. "वरच्या मालकीणबाईंनी रजा दिली का?"

"तुझ्या मालकीणबाईंनी तुला इथे यायची दिली का, ते आधी सांग," जानमारिया म्हणाला. सगळे हसले, पण त्याचा पेला तसाच भरलेला राहिला.

कारण त्याच सकाळी एर्सिलिया जोडा न आणता दुकानात आली होती.

"स्वित्झर्लंडला मावसबहिणीने जागा बघितलीय. घड्याळांच्या कारखान्यात. सेंट मार्टिनच्या दिवशी निघते."

"आणि मी?"

"तू तुझ्या आईला विचार. तिने ऐकलं नाही तर तिच्याही वरच्या आईला."

सेंट मार्टिनला दोन महिने उरले होते. जानमारिया फादर एलिझेओंकडे गेला. ते गावात नवीन, येऊन तीनच वर्षं झालेली. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "अरे, नवस सोडवता येतो. पण ज्याने केला त्याने यावं लागतं. आईला घेऊन ये."

घरी चुलीवर मक्याच्या पिठाचं पोलेंटा शिजत होतं. तांब्याचं भांडं, लाकडी दांडा आणि ढवळायला जानमारिया, असं वीस वर्षं चाललं होतं. आई दोमितिल्ला शेजारी बसून चेस्टनट सोलत होती.

"आई, उद्या फादरकडे जाऊ. नवस सोडवून घेऊ."

"असल्या गोष्टी चारचौघांत बोलायच्या नसतात. तू ढवळ, गुठळ्या होतील."

त्याने दांडा काढून कट्ट्यावर ठेवला. वीस वर्षांत पहिल्यांदा.

भांडं फदफदू लागलं. म्हातारीने त्याच्याकडे बघितलं, मग भांड्याकडे.

"केलाच नाही तर सोडवू काय?"

"काय?"

"नवस. लोक म्हणत होते. मी फक्त नाही म्हटलं नाही."

"का पण?"

"सून आली असती तर तू तिच्यासाठी ढवळत बसला असतास," ती म्हणाली. "घे तो दांडा, करपतंय."

त्याने दांडा उचलला तो तिच्या हातात दिला आणि तसाच आन्येझेच्या घरी गेला. आन्येझे कसली ऐकते.

"नवस नव्हता तर मारिया आलं कुठून? तुझी आई काय, आज एक सांगेल, उद्या दुसरं. मला लेखी दाखव."

रविवारी चर्चमधली मिस्सा संपल्यावर फादरांनी १९१४चं बाप्तिस्म्यांचं पुस्तक काढलं. आन्येझे चष्मा लावून उभी राहिली. एर्सिलिया तिच्या मागे होती. दोमितिल्लाही आली होती, पण दाराशीच थांबली. पान सापडलं. फादरांनी वाचून दाखवलं. आन्येझेने चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि स्वतः वाचलं. मग ती एर्सिलियाला म्हणाली, "मावसबहिणीला पत्र टाक. येत नाही म्हणून."

पुस्तकात असं होतं. तीन फेब्रुवारीला बर्फाने रस्ता बंद झाला होता, त्यामुळे पाद्री घरापर्यंत पोचू शकले नाहीत. मूल जगेल असं वाटत नव्हतं, म्हणून सुईणीने घरीच पाणी घालून त्याचा बाप्तिस्मा केला. नाव तिनेच ठेवलं, आजोबांचं आणि त्याला जोडून स्वतःचं. सुईणीचं नाव मारिया होतं.