मूकपटातल्या बाईने लावलेली पत्रावळ

ज्यांना भुतं दिसतात त्यांना दुसरा उद्योग नसतो, असं मी आयुष्यभर म्हणत आले. अजूनही म्हणते. तरी हे लिहितेय… हसायचं तर हसा, घरचे हसतातच.

२००५चा ऑक्टोबर. परदेशात, श्रूजबरीला मुलाकडे आले होते. सुनेची, केतकीची आई उन्हाळ्यात वर्ध्याकडे गावी वारली, आणि व्हिसाचं काम अडकल्यामुळे पोरीला जाता आलं नाही. तेव्हापासून रडली म्हणून नाही. वडिलांचा फोनसुद्धा घेईना. ऑफिस, भांडी, झोप — बस. मला तिची धास्तीच वाटायला लागली होती.

लायब्ररीत शनिवारी दुपारी जुना फ्रेंच मूकपट होता, म्हणून तिला ओढून नेलं. कसला पिक्चर! पानगळ, धुकं आणि बाकावर बसून उसासे टाकणारी एक बाई. सगळं अंधुक. ‘इम्प्रेशनिस्ट’ म्हणे! आमच्याकडे याला फोटो हलला म्हणतात. मागची गोरी मंडळी मात्र माना डोलवत होती. केतकीने डोळे मिटून घेतलेले.

तेवढ्यात त्या बाईने खाली पडलेली पानं मांडीवर घेतली आणि काडीने टाचायला लागली. पत्रावळ! तीही डाव्या हाताने.

“बघ गं हिचं,” मी केतकीला कोपर मारलं. “डावखुरी ती डावखुरी, वर शेवटचं पान उलटं लावतेय. वरण वाढलं की सगळं मांडीवर!”

तिने खाडकन डोळे उघडले. “उलटं? नक्की?”

“मग! कोणी शिकवलं हिला?”

“आई… माझी आई असंच लावायची. गावातल्या सगळ्या बायका हसायच्या तिला.”

एवढं म्हणाली आणि माझ्या खांद्यावर हमसून हमसून रडली. पडद्यावर तोवर नुसतं धुकं.

विहीणबाईंना मी फक्त लग्नात पाहिलेलं. तिथे बुफे होता हो!

मुलगा म्हणाला, “आई, तुला डुलकी लागली असेल.” म्हटलं, डुलकीत मी पत्रावळी बघते का रे? मग त्याच पिक्चरची डीव्हीडी आणून पुन्हापुन्हा पाहिली. बाई बसते, उसासे टाकते, संपलं. पानाला हात लावत नाही, आळशी मेली!

याचं उत्तर ज्यांच्याकडे असेल त्यांनी ते स्वतःजवळच ठेवावं. त्या संध्याकाळी केतकीने स्वतःहून वडिलांना फोन लावला. “बाबा, आई गेली ना हो,” एवढंच म्हणाली. मग बराच वेळ झाला, तरी फोन कोणीच ठेवला नाही.