शैलाची म्हैस

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं न्हाय. नवऱ्याला न्हाय, देवापुढंही न्हाय. तुम्ही पावणं, ऐकून आपल्या वाटेला लागाल — म्हणून सांगते.

शैला माझी धाकटी जाऊ. कर्नाटकाच्या सीमेकडची, म्हणून मला अक्का म्हणते. तिचं पहिलं बाळंतपण झालं आणि तिच्या बापानं लेकराच्या दुधाला म्हणून म्हैस धाडली. आमच्या वडगावच्या गोठ्यात तसलं जनावर कधी आलंच नव्हतं. डेअरीत दुधाचं कौतुक, सासऱ्यांच्या तोंडी सारखी शैला. माझा जळफळाट व्हायचा — खोटं कशाला बोलू?

सकाळची वैरण रोज तीच टाकायची. एक दिवस तिचं लेकरू तापलं, ती आत त्याला घेऊन बसली, आणि वैरण मी टाकली. कोवळी ज्वारी, गुडघाभरसुद्धा न्हाय. ती जनावराला विष असती हे आमच्याकडं शेंबडं पोरही सांगतं. मग मला ठाऊक नव्हतं का? घाई हुती, असं आठवतंय — पण माझ्या आठवणीवर माझाच भरवसा न्हाय. दुपारच्या आत म्हैस पाय झाडून मेली.

सासरे परगावी हुते; आठ दिवसांनी आले आणि गरजले, वैरण कुणी टाकली? मी शैलाकडं बोट दाखवलं. ती म्हणाली, मी तर आत हुते. मी म्हटलं, लेकरू आदल्या दिवशी तापलेलं, त्या दिवशी न्हवं. रोजचंच काम ते — एक सकाळ दुसरीपासून वेगळी काढणार कशी ती? सासऱ्यांनी तिच्या बापाला बोलावून चारचौघांत नको नको ते सुनावलं. तो मान खाली घालून गेला, पुन्हा आमच्या दारी आला न्हाय.

आणि नवल बघा — पुढं शैलाला आठवायलाच लागलं. आधी म्हणायची, मीच असंन. मग वैरणीवरचं दव आठवलं. मग पात्यानं बोट कापलेलं आठवलं. अहो, ते बोट माझं हुतं! ऐकताना मला मजा वाटायची — व्हय, मजाच.

परवा तिचा बाप वारला. मातीहून आली आणि माझ्याजवळ येऊन बसली.

‘अक्का, कधी कधी वाटतंय मी त्या दिवशी आतच हुते. तुम्हीच सांगा — मीच टाकली हुती न्हवं?’

सासरे कधीच गेलेत. त्या घडीला घरात आम्ही दोघीच. आता मला कुणाचं भ्या हुतं?

मी तिचा हात हातात घेतला.

‘तूच टाकलीस, शैला. मी बघितलं की.’

ती रडत बसली. मी चहा ठेवला.