हिरव्या दोऱ्याचा खडा

मला जन्म देणारीला मी काय हाक मारायचे ते मला लिहिता येत नाही. विसरले म्हणून नव्हे, तो शब्द लग्नाच्या दिवशी माझ्याकडून काढून घेतला. कुणी तो बोललं की मला नुसता आवाज ऐकू येतो, शब्द कळत नाही. म्हणून इथं मी तिला 'ती' म्हणणार. ज्याला हे खटकेल त्यानं कापडे गावाच्या वरच्या अंगाला आमच्या वाडीत यावं आणि माझ्या सासूला जाब विचारावा.

आमच्या डोंगरात गिळखडा सापडायचा. आता घराघरांत जपून ठेवलेत तेवढेच उरलेत. करडा, सुपारीएवढा, भर उन्हातही थंडगार. ओठाला लावून एखादा शब्द उच्चारला की खडा तो गिळतो, आणि जिभेवर काही उरत नाही. ज्याचा शब्द त्यानंच खडा मुठीत धरून ऊब दिली तर शब्द परत येतो. भलत्याच्या मुठीत उघडला तर खडा एकदाच बोलतो, ज्याचं गिळलं त्याच्या आवाजात, आणि कायमचा विझतो. एवढ्या दुर्मिळ वस्तूचा आमच्या लोकांनी उपयोग काय शोधला, तर सुनांची तोंडं बंद करायची.

माप ओलांडण्याआधी नवरीच्या ओठाला खडा लावतात आणि माहेरची हाक मारायला सांगतात. मी दासगावची, खाली नदीकाठची. आमच्याकडे असलं काही नाही. मला वाटलं, उखाणा घ्यायला लावतात तसलाच खेळ असेल. मी हसत हसत हाक मारली. सासूनं खड्याला माझ्या हिरव्या लुगड्याचा दोरा गुंडाळला आणि तो तांदळाच्या पिंपात खुपसला.

"माहेरची हाक तोंडात असली की सून चुलीपाशी टिकत नाय," सासू शेजारणीला म्हणाली. मी समोरच उभी होते.

त्याच पिंपात सासूचा स्वतःचा खडाही होता, ती पोरवयात लग्न होऊन आली तेव्हाचा. तिच्या सासूनं तो तिला कधी दिला नव्हता, तिची जन्मदाती गेली तेव्हासुद्धा नाही. पुढे पिंप तिच्या हाती आलं, पण तिनं खडा उघडला नाही. मरताना उघडीन, म्हणजे वर गेल्यावर जन्मदातीला हाक मारता येईल, असं ती सगळ्या वाडीला सांगत असे. हे सांगताना ती डोळ्यांना पदर लावायची. माझ्यासाठी मात्र तो कधी लावला नाही.

फोनवर मी "हॅलो, मी बोलतेय" एवढंच म्हणायचे. पलीकडे ती थांबून राहायची, अजून काहीतरी येईल म्हणून. एकदा मी मम्मी म्हणून पाहिलं. ही हाक मुंबईच्या भावजयीकडून उसनी आणलीस का, असं तिनं विचारलं आणि हसली. त्यानंतर मी तो प्रयत्न केला नाही. नवऱ्याला सांगितलं तर त्यानं एमआयडीसीतल्या शिफ्टचा डबा भरायला सांगितला. हाकेवाचून कुणाचं पोट अडत नाही, असं त्याचं मत.

मग माहेरी तिला अर्धांगाचा झटका आला आणि भावानं तिला महाडच्या दवाखान्यात आणलं. डॉक्टरांनी आशा सोडली होती. भाऊ म्हणाला, डोळे मिटूनच असते, पण तुझी हाक ऐकायचीय एवढंच पुटपुटते.

मी सासूपुढे पदर पसरला. आत्या, खडा द्या, एकदा हाक मारते आणि हवा तर पुन्हा गिळवा. सासू तांदूळ पाखडत होती. आधी तिनं ऐकूच न आल्यासारखं केलं. मी हटत नाही म्हटल्यावर चिडून उठली, पिंपात कोपरापर्यंत हात घातला आणि न बघताच हिरव्या दोऱ्याचा खडा माझ्या अंगावर भिरकावला.

"घे. मेली तर रडायला तरी येईल तुला."

महाडपर्यंत मी तो पदराच्या गाठीत ठेवला, ऊब लागू नये म्हणून. खाटेपाशी बसले, तिच्या कानाशी मूठ नेली आणि घट्ट आवळली. माझ्या तोंडात काहीच आलं नाही. मुठीतून आवाज निघाला. शब्द मला कळला नाही, आवाज तेवढा ऐकू आला. कोवळ्या पोरीचा होता तो, लाडात आलेल्या, खेळून दमून घरी आलेल्या. माझा नव्हता. नवरीचं लुगडं हिरवंच असतं, म्हणून दोन्ही खड्यांना हिरवाच दोरा, हे सासूच्याही लक्षात राहिलं नाही आणि माझ्याही.

तिनं डोळे उघडले नाहीत.

"ही माझी पोर नाय," ती म्हणाली. "माझी पोर आलीच नाय."

मी तिचा हात धरून मीच आहे, मीच आहे, म्हणत राहिले. पण हाक नसली की मीच म्हणजे कोण? पहाटेआधी ती गेली.

तेरावं उरकून वाडीत परतले आणि विझलेला खडा सासूच्या पुढ्यात टाकला. हा तुमचा होता, म्हणाले. तिला आधी खरं वाटेना. मग तिनं तो मुठीत घेतला, काखेत धरला, चुलीशी नेला. काही झालं नाही. थोड्या वेळानं तिनं पिंपातून माझा खडा काढून माझ्यापुढे धरला. मी म्हटलं, राहू दे तांदळात, आता हाक मारायची कुणाला? त्या दिवशी मला तिची कीव आली नाही, आजही येत नाही.

हल्ली सासू अंथरुणाला खिळलीय. सगळं मीच करते, पेजही मीच भरवते. तिची पोरपणीची हाक ऐकलेलं माणूस आता जगात मी एकटीच उरले, हे तिला ठाऊक आहे. रोज चमचा तोंडाशी नेला की ती माझं मनगट धरते.

"कसा होता गो माझा आवाज?"

फार गोड होता. तो आवाज अजून माझ्या कानात आहे.

"ऐकू नाय आला, आत्या," मी म्हणते, आणि पुढचा चमचा भरते.