निशाणी गळालेली पेटी
मैद्याच्या खळीचा वास आला की सेलूजवळच्या गावातली ती पोटनिवडणूक आठवते. तेव्हा प्रत्येक उमेदवाराची मतपेटी वेगळी असे आणि तिच्यावर त्याच्या निशाणीचं चित्र चिकटवलेलं असे. एक मजूर बाई पडद्याआडून मतपत्रिका तशीच घेऊन बाहेर आली. "साहेब, बैलाचं चित्र गळालं. माही पेटी कोणती?" बैल विरोधकांची निशाणी, म्हणून आमच्या उमेदवारातर्फे केंद्रावर बसलेली आम्ही मंडळी गालात हसलो. "टाक ना कोणत्याही पेटीत," अधिकारी खेकसले. "काऊन? माह्यं मत का उष्टं हाय, कुठंबी फेकाले?" म्हणत ती दारातच बसली. रांग अडली. शेवटी मैद्याची खळ आणून चित्र पुन्हा चिकटवलं, तेव्हाच ती उठली. आम्ही थोडक्यात जिंकलो. निकालावर खटला झाला, पण पेटीवर चित्र पुन्हा लागल्यावरच मतदान पुढे गेलं होतं, म्हणून आमच्या गावच्या मतांकडे कोणी बोट दाखवू शकलं नाही आणि आमचा विजय टिकला. आमच्याविरुद्ध मत देणाऱ्या त्या बाईचा मी आजही ऋणी आहे.