आबांना ऐकवलेला सिनेमा

पंधरा वर्षं मी सिनेमा-मालिकांत बारकी कामं केली. चारदा हवालदार, दोनदा तलाठी, एकदा तर नुसतं प्रेत. नाकावर माशी बसलेली, आणि दिग्दर्शक ओरडतोय, "हलू नको!" तरी तक्रार नव्हती. शिरूर कासारकडच्या माळावर मेंढरांमागं वाढलेला माणूस मी, उन्हात उभं राहायचं मला काय कौतुक?

माझ्या वडलांचे, आबांचे, दोन्ही डोळे गेलेले. टीव्हीवर मी आलो की घरचे ओरडायचे आणि आबा विचारायचे, "बोलतूस कवा?" काय सांगणार? हवालदार बोलत नसतो, सलाम ठोकतो.

मग माझा कॉलेजातला मित्र दिग्दर्शक झाला. आम्ही एकांकिका एकत्र केलेल्या, एका ताटात जेवलेलो. म्हणाला, "मेंढपाळाचं काम आहे. भरपूर बोलायचंय. मला तुझीच जीभ पाहिजे, पुण्याची नको." मी लई हुरळलो. आमच्याकडं मेंढरं बोलवायची हाळी घरागणिक वेगळी असते. दुसऱ्याच्या हाळीला मेंढरू मान वर करत न्हाई. मी कॅमेऱ्यापुढं आबांची हाळी दिली. वर हिरोला महिनाभर आमची बोली शिकवली.

नंतर स्टुडिओत आवाज भरायला मला बोलावणं आलं न्हाई. वाटलं, शूटिंगचाच आवाज ठेवला असंल. भोळसटपणा, दुसरं काय!

सिनेमा बीडला लागला तसं दोन जीपा भरून गाव निघालं. आबांनी पांढरा पटका बांधून घेतला. जीपमध्ये सगळ्यांना सांगत होते, "आज पोरगं बोलणार हाय."

पडद्यावर मी आलो आणि शिट्ट्या पडल्या. आबांनी माझा हात घट्ट धरला. "आलास व्हय?"

"आलो. ऐका आता."

पडद्यावर मी तोंड उघडलं आणि भलत्याच माणसाचा आवाज आला. गुळगुळीत, रेडिओवर बातम्या सांगणाऱ्यासारखा. हाळीसुद्धा त्याचीच. 

"हे कोण हाय?" आबांनी विचारलं.

"मीच हाय, आबा."

त्यांनी हात काढून घेतला.

मध्यंतरात बाहेर जाऊन मित्राला फोन लावला. "अरे, तुझी बोली लोकांना कळणार नाही, असं निर्माते म्हणाले," तो म्हणाला. "मनाला लावून घेऊ नको. हिरोच्या बोलीचं किती कौतुक चाललंय बघ. सगळी तुझीच कृपा!" म्हणजे तीच बोली हिरोच्या तोंडून कळते, माझ्या तोंडून कळत न्हाई! हरामखोरानं केसानं गळा कापला माझा. शिव्या ओठांवर आल्या होत्या. त्यानं त्याआधीच फोन ठेवला.

परत आत गेलो. "आबा, त्यांनी माझ्या तोंडी दुसऱ्याचा आवाज घातलाय."

"मान्साच्या तोंडात दुसऱ्याचा आवाज? आन् हाळी बी दुसऱ्याची?"

"व्हय आबा, आईशप्पथ!"

शेजारच्या काकांनी मला दुजोरा दिला. मागच्या रांगेतल्या बायकाही म्हणाल्या, "आबा, तोच हाय की तिथं, आमी बघितलं ना!" जो तो माझ्या बाजूनं बोलायला लागला आणि आबांचा चेहरा जास्तच कडक होत गेला.

"सगळ्यांनी मिळून ठरवलं व्हय?" ते हळू म्हणाले. "काम मिळालं न्हाई, तर न्हाई म्हणायचं. मी काय रागवलो असतो? आंधळ्याला कशापायी फशिवतूस?"

मी तिथंच त्यांच्या कानाशी ती हाळी द्यायला गेलो, पण रडं कोंडलेल्या घशातून धड आवाजच निघाला न्हाई. आबा उठले. सिनेमा अजून अर्धा बाकी होता. मी हात पुढं केला, तो त्यांनी चाचपला, ओळखला आणि बाजूला सारला. मग शेजारच्या काकांना म्हणाले, "तू धर रं मला. जीपपातुर न्हे."