शांतवन मास्तरांचा स्पीकर

शांतवन भिंगारदिवे म्हणजे भिंगारचे हाडाचे गवई. निवृत्त झाल्यावर त्यांनी दर शनिवारी वाया चाललेल्या पोरांना ख्रिस्ती गाणी शिकवायला घेतली. कुणी शाळा सोडलेलं, कुणी बापाचा मार खाल्लेलं. कडूबाईचा करण तर नशेसाठी रुमालावर व्हाइटनर ओतून हुंगायचा. मास्तरांनी त्याच्या गळ्यात ढोलकी अडकवली आणि वर्षभरात पोरगं माणसात आलं. अहो, खरंच आलं!

मग एका खासगी फायनान्स कंपनीचा माणूस वर्गात उगवला. गुंठेवारीच्या, म्हणजे बिगरमंजुरीच्या प्लॉटवर बँक घराला कर्ज देत नाही, आम्ही देतो, म्हणाला. जाता जाता पोरांसाठी चाकांचा भलामोठा स्पीकर भेट देऊन गेला. मास्तर हरखले. कडूबाईला पत्र्याच्या जागी दोन पक्क्या खोल्या हव्या होत्या. तिनं कर्जाचा कागद त्यांच्यापुढं धरला.

"मास्तर, तुमी वाचा. तुमी म्हनाल तसं."

मास्तरांनी चष्मा शोधला, सापडला नाही, आणि "घ्या बिनधास्त" म्हणून मोकळे झाले. वाचायला काय धाड भरली होती? व्याज वाढत जाईल, हप्ते चुकले की घर जाईल, सगळं त्यात लिहिलेलं होतं.

कडूबाईनं कर्ज काढून खोल्या बांधल्या. ती धुणीभांडी करायची. पाय मोडला, हप्ते थकले, नोव्हेंबरात दाराला सील लागलं. मायलेक राहुरीला मावशीकडं गेली. करण तरी दर शनिवारी एसटीनं यायचा, पण नुसती ढोलकी वाजवून निघून जायचा. मास्तरांच्या जिवाला घोर लागला. पोरगं पुन्हा रुमालाकडं वळलं तर?

नाताळच्या आदल्या आठवड्यात, संध्याकाळी चाकांचा स्पीकर ओढत गाण्याची फेरी निघाली. रिवाज असा, की गल्लीतलं एकही दार चुकवायचं नाही. दारापुढं एक कडवं, मग चहा. कडूबाईच्या दाराशी मास्तरांनी मान खाली घालून पाय उचलला.

"मास्तर, दार ऱ्हायलं," करण म्हणाला.

"तिथं कुणी नाही रे, बाळा."

"कुनाचं दार चुकवायचं न्हाई, तुमीच शिकवलं."

पोरं सील लावलेल्या दारापुढं गायली. मास्तरांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. कडवं संपलं तसं करणनं गळ्यातली ढोलकी काढून स्पीकरवर ठेवली.

"ह्यो कंपनीनं दिल्ता ना?"

"हो," मास्तर म्हणाले.

करण स्टँडकडं चालू लागला. त्यांनी हाक मारली, त्यानं वळून पाहिलं नाही.

पुढच्या शनिवारी मास्तर ढोलकी पुसून वाट बघत बसले. राहुरीला जाऊन आलेल्या एका पोरानं सांगितलं, करण तिथं स्टँडमागं दिसला. तोंडाला रुमाल लावून बसला होता.