चादरीखालचा गुडघा

"मॅडम, तुम्हाला जीबीएस आहे," डॉक्टर म्हणाले.

"ते माझ्या लक्षात आलंय," मी म्हटलं. "व्हेंटिलेटर मोकळा आहे का, ते आधी बघा."

जीबीएस म्हणजे गुलेन बॅरे सिंड्रोम. आपली प्रतिकारशक्ती चुकून आपल्याच नसांवर तुटून पडते. अशक्तपणा पायांतून सुरू होतो आणि वर चढतो. माझं पोट बिघडलं, बरं झालं, आणि मग पायांच्या बोटांना मुंग्या आल्या. घराचा जिना चढताना गुडघ्यांनी दगा दिला तेव्हा मी दादाला हाक मारली. कोल्हापुरातल्या दवाखान्यात पाठीच्या मणक्यातून पाणी काढलं, ते लम्बर पंक्चर. नसांत करंट सोडून त्यांचा वेग मोजला, ती नर्व्ह कंडक्शन टेस्ट. दोन्हींचा निकाल एकच.

माझं सगळं आयुष्य लष्करी रुग्णालयांत गेलं. कागलजवळच्या आमच्या गावातून नर्सिंगला गेले तेव्हा दोन वेण्यांना लाल रिबिनी होत्या. निवृत्त झाले तेव्हा खांद्यावर लेफ्टनंट कर्नलचा अशोकस्तंभ आणि तारा होता. मधल्या काळात बर्फातली रुग्णालयं पाहिली, वाळवंटातलीही. कुठेही गेले तरी माझ्या वॉर्डात चादरीला सुरकुती चालायची नाही. कोपरे दुमडून गादीखाली असे घट्ट खोचायचे की पेशंट उठून गेला तरी पलंग तसाच दिसावा. मेट्रन येताहेत म्हटलं की पोरींची पळापळ व्हायची. मला त्याचा अभिमान होता, आणि खोटं कशाला बोलू, आजही आहे.

श्वास अपुरा पडू लागला तशी घशात व्हेंटिलेटरची नळी घातली आणि आवाज गेला. हातपाय आधीच गेले होते. उरल्या फक्त पापण्या. एकदा मिटली तर हो, दोनदा मिटली तर नाही, हे मी बोलता येत होतं तेव्हाच सगळ्यांना बजावून ठेवलं होतं.

पण यात एक गोम आहे, ती पलंगावर पडल्याशिवाय कळत नाही. उत्तर आपल्याकडे असतं, प्रश्न दुसऱ्याने विचारावा लागतो. दुखतंय का, थंडी वाजतेय का, एवढंच विचारायचे लोक. डोकं लख्ख जागं होतं आणि मी आत कोंडले गेले होते. मला भीती वाटत होती. इतकी भीती मला नोकरीत कधीच वाटली नव्हती.

आयसीयूतल्या सिस्टर अश्विनीला मी कोण आणि माझ्या वॉर्डातले पलंग कसे असायचे ते दादाकडून कळलं, आणि तिला उत्साहाचं भरतं आलं. "मॅडम, तुमच्यावानी बेड लावलाय बघा! एक बी सुरकुती न्हाय!"

खरंच नव्हती. छातीपासून पायांपर्यंत चादर अशी ताणलेली की पावलं खाली दाबली गेली होती. हिमदंश झालेल्या जवानांच्या पायांना चादर टेकू नये म्हणून आम्ही वर लोखंडी कमान ठेवायचो. ती कमान मला डोळ्यांपुढे दिसत होती. मागणार कशी?

इम्युनोग्लोब्युलिनचा कोर्स संपला होता. हे दुसऱ्यांच्या रक्तातून काढलेलं औषध, सलाइनसारखं शिरेतून देतात. एका रविवारी सकाळी माझ्या उजव्या मांडीत काहीतरी जागं झालं. मी गुडघा उचलायला गेले. तो वर सरकला आणि चादरीला अडला. पुन्हा केलं, पुन्हा अडला. कोणालाही दिसलं नाही. पाय रोज हलवून बघणारे फिजिओथेरपिस्ट सुट्टीवर होते.

डॉक्टर घाईत आले. "पाय हलवा, मॅडम." मी सगळा जीव एकवटला. चादर जागची हलली नाही. ते दादाकडे वळले. "पायांत अजून काही नाही. पुन्हा चालतील असं आज सांगता येत नाही. घरी व्हीलचेअर फिरेल अशी सोय करून घ्या." दादा मान खाली घालून उभा राहिला. मी पापण्या मिटत होते, उघडत होते, पण माझ्याकडे बघतंय कोण?

मग वहिनी आत आल्या. आमच्या वहिनी म्हशी सांभाळणाऱ्या, आवाज शिवारभर जाणारा. पलंगाकडे बघून त्या भडकल्याच. "वन्सं, ह्यात उकडतंय व्हय तुमाला?"

मी एकदा पापणी मिटली. एसी चालू होता, उकडत नव्हतं. सेवेत आणि सेवेबाहेर मिळून इतकं निर्लज्ज खोटं मी कधी बोलले नसेन.

"मग सोडा की ही बांधाबांध! माणूस हाय का गठुडं?" म्हणत त्यांनी पायाकडची चादर उपसून काढली.

मी गुडघा उचलला. बोटभरच.

वहिनी अशा ओरडल्या की डॉक्टर दारातून परत आले. "पुन्हा करा, मॅडम." मी पुन्हा केलं. ते वाकून बघत राहिले, मग दादाला म्हणाले, "मघाचं माझं बोलणं मागे घेतो." दादा तिथेच रडला. मीही रडले, डोळे पुसायला मात्र वहिनी लागल्या.

नळी निघायला, बसायला, उभं राहायला किती वेळ लागला ते सांगत बसत नाही, ज्याचं त्याचं वेगळं असतं. तुमचं माणूस असं पडलेलं असेल तर एवढंच करा. साधे प्रश्न विचारून झाले की वेडगळही विचारा. आणि पांघरूण काढून बघा.

काठी टेकत चालू लागल्यावर मी आयसीयूत पेढे घेऊन गेले. अश्विनी मला बघून ताडकन उभी राहिली. तिच्या मागच्या पलंगावर एक काका नळी लावून पडले होते, चादर तशीच कडक. मी काठी तिच्या हातात दिली, पलंगाला धरून वाकले आणि पायाकडची चादर ओढून मोकळी केली.

"मॅडम, सुरकुत्या पडल्या की!"

"पडू देत," मी म्हटलं.